ताईच्या गाडीचा हॉर्न बसला

माझी ताई हॉस्पिटलात सिस्टर होती. वॉर्डात तिला आवाज चढवावा लागत नसे. ती दाराशी आली की पेशंटच्या खाटेवर बसलेले नातेवाईक आपोआप उठून उभे राहत. रिटायर झाल्यावर ती गाडी शिकली आणि लगेच एक सेकंडहँड लाल गाडी घेऊन मोकळी झाली. रस्त्यावर मात्र तिला बघून कोणी उठून उभं राहीना. ती कसर ती हॉर्नने भरून काढायला लागली.

वळताना हॉर्न, थांबताना हॉर्न, सोसायटीच्या गेटातून निघताना एक आणि परत आल्यावर वॉचमनला कळावं म्हणून एक. झोपलेल्या कुत्र्याला ती आधी हॉर्न देऊन उठवायची आणि मग त्याला वळसा घालून जायची. तिला म्हटलं की ती ड्रायव्हिंग स्कूलच्या मास्तरांचा दाखला द्यायची. शंका आली की हॉर्न द्या, असं त्यांनी शिकवलं होतं. आमच्या ताईला रस्त्यावर सतत शंका येते, याला मास्तर तरी काय करणार.

मी तिची धाकटी बहीण. नेरूळला त्याच सोसायटीत, तिच्या खालच्या मजल्यावर राहते. मला गाडी येत नाही, त्यामुळे शेजारच्या सीटवर बसणं आणि ‘हळू गं’ म्हणणं एवढंच काम माझ्याकडे असतं.

यंदा पावसाळा सरता सरता हॉर्नचा आवाज बदलला. सकाळी घोगरा यायचा, दुपारी ऊन पडलं की सुधारायचा. एखाद्या पेशंटला असं झालं असतं तर ताईने त्याला तिथल्या तिथे झोपवून तपासलं असतं. स्वतःच्या गाडीकडे मात्र तिने साफ दुर्लक्ष केलं. मलाही घाई नव्हती. खरं सांगायचं तर घोगरा हॉर्न कानाला बरा वाटत होता.

तो पूर्ण बंद पडला तो आमच्या मामेभावाच्या नातीच्या नामकरणाच्या दिवशी. मामेभाऊ दिघ्याला राहतो, म्हणजे आम्ही दोघी जिथे वाढलो त्याच गल्लीत. सकाळीच निघालो. ठाणे-बेलापूर रोडवर एक रिक्षा उगाच आडवी आली. ताईने हॉर्न दाबला. काही नाही. पुन्हा दाबला, मग तळहाताने दोन थपडा मारल्या. मग माझ्याकडे वळून म्हणाली, “तू काही दाबलंस का?”

माझ्यासमोर दाबण्यासारखं फक्त एसीचं बटण होतं. तेही ती मला दाबू देत नाही.

मला वाटलं आता ती गाडी वळवेल. पण कार्यक्रमाला उशीर करणं तिच्या स्वभावात नाही. ओठ घट्ट मिटून ती दिघ्यापर्यंत चालवत राहिली. सांगायला हरकत नाही, इतकी सुंदर गाडी तिने आधी कधीच चालवली नव्हती. पुढच्याला अंतर दिलं, सिग्नलला गपचूप उभी राहिली, एका कुत्र्यालाही झोपू दिलं. हे तिला बोलून दाखवण्याचं धाडस मात्र मी केलं नाही.

खरी पंचाईत गल्लीच्या तोंडाशी झाली. गल्ली ती केवढी, त्यात एक भाजीची हातगाडी, पाण्याचे पिंप भरणाऱ्या बायका आणि मधोमध कॅरम मांडून बसलेली चार माणसं. मांडवातला स्पीकर जोरात चालू होता. ताईने काच खाली करून “ओ दादा, ओ भाऊ” अशा हाका मारल्या. एकानेही मान वर केली नाही.

“उतर,” ताई मला म्हणाली.

“मी?”

“मग काय मी उतरू? गाडी कोण चालवणार?”

मी उतरले. अंगावर ठेवणीतली साडी, हातात आहेराची पिशवी, आणि मी गाडीच्या पुढे चालत “बाजूला व्हा, जरा बाजूला व्हा” म्हणत निघाले. मागून ताई पहिल्या गिअरमध्ये, राणीसाहेबांसारखी. कॅरमवाल्यांनी बोर्ड तसाच अलगद उचलला, सोंगट्या न हलवता, आणि आम्ही गेल्यावर पुन्हा होता तिथे ठेवला. पिंपावरच्या एका म्हातारीने मला ओळखलं आणि “अगो, तू चालत आलीस काय, ताई नाही आली?” असं विचारलं. मी मागे बोट दाखवलं.

याच गल्लीतून ताई मला शाळेत न्यायची. वडील कंपनीत पहिल्या पाळीला गेलेले, आई धुण्याभांड्यांच्या कामाला. ताई पुढे आणि मी तिचा फ्रॉक धरून मागे. समोरून सायकल आली की ती हात आडवा करायची, आणि मोठी माणसंही थांबायची. तेव्हा ती पाचवीत असेल. त्या दिवशी गाडीपुढे चालताना मला ते आठवलं आणि उगाच मागे वळून बघावंसं वाटलं. काचेआडून ताई हाताने ‘पुढे बघ, पुढे बघ’ करत होती.

मांडवाच्या दारात मामेभाऊ उभाच होता. जय भीम घालून झाल्यावर तो ताईला म्हणाला, “सिस्टर, भालदार कधी ठेवलात?” मग दिवसभर हाच विषय. वंदना झाली, बाळाचं नाव ठेवून झालं, आणि जेवताना प्रत्येकाने हॉर्नवर आपापलं निदान सांगितलं. ताई सगळं ऐकून घेत होती आणि एकाचंही मनावर घेत नव्हती. निघताना तिने माझ्याकडे नुसतं बघितलं. मी मुकाट पदर खोचला आणि पुढे झाले.

सोसायटीत बातमी पोचायला वेळ लागला नाही. मोठा अपघात व्हावा तशी माणसं चौकशीला आली, पण चेहरे मात्र प्रसन्न होते. दुसऱ्या मजल्यावरची तान्ह्या बाळाची आई तर म्हणाली, “ताई, राहू द्या ना तसाच. गाडी किती शांत वाटते.” सेक्रेटरींनी दुरुस्तीची घाई कशाला म्हणून विचारलं. ताईला ते लागलं. रात्री ती मला म्हणाली की माणसं इतकी कशी उलटतात. मी म्हटलं, माणसं उलटलेली नाहीत, झोपलेली आहेत. ती त्यावर हसली नाही.

गॅरेजात न्यायला ती तयार नव्हती. शिरवण्याच्या एका गॅरेजवाल्याने तिला पूर्वी कधीतरी ‘मॅडम, साहेबांना पाठवा’ असं म्हटलं होतं. साहेब नाहीत, मीच साहेब, असं सांगून ती तिथून निघाली होती आणि त्यानंतर गॅरेज या गोष्टीवरच तिचा राग होता. त्यामुळे पुढच्या सुट्टीच्या दिवशी आम्ही दोघींनीच खाली पार्किंगमध्ये बॉनेट उघडलं. मी मोबाइलवर हिंदी व्हिडिओ लावून शिकवणी घेत होते. ताई चष्मा लावून, हातात रबरी मोजे घालून तयार.

व्हिडिओतल्या माणसाने आधी फ्यूज बघायला सांगितला. फ्यूजच्या डब्याच्या झाकणावर हॉर्नचं चित्र होतं, त्यावरून सापडला. उजेडात धरला तर आतली तार शाबूत. मग तो म्हणाला, हॉर्न दाबल्यावर डब्यातून टिक असा आवाज येतो का बघा. येत असेल तर बटण आणि रिले, म्हणजे हॉर्नला करंट सोडणारा स्विच, दोन्ही ठीक. ताई आत बसून दाबत होती, मी डब्याला कान लावून. टिक आला. “आला,” मी म्हटलं. “परत बघ,” ती म्हणाली. आला. तिने आणखी चार वेळा बघायला लावलं.

एवढ्यात शेठ आले. शेठ मूळचे शिरवण्याचे, जमिनी गेल्या, गाळे आले, आणि आता आमच्याच सोसायटीत राहतात. त्यांच्या भल्यामोठ्या गाडीला ट्रकचे हॉर्न आहेत, आणि आख्ख्या सोसायटीत ताईचं त्यांच्याशीच एकमत होतं. ते आपल्या डिकीतून टेस्टर घेऊन आले. स्क्रूड्रायव्हरसारखी एक दांडी, तिच्या मुठीत बारका दिवा, शेपटीला तार आणि चिमटा. त्यांनी चिमटा बॅटरीच्या मायनसला लावला, जाळीमागच्या हॉर्नची वायर काढून तिच्या तोंडाला दांडी टेकवली आणि ताईला दाबायला सांगितलं. दिवा पेटला.

“करंट येतंय,” शेठ म्हणाले. “म्हंजे वायर बरी हाय, हॉर्न मेला. टाकून द्या सिस्टर. माज्यासारका लावा, ट्रकचा. जुईनगरला आयकू येल.”

मी ताईकडे बघितलं. तिचे डोळे लकाकले होते. ती ट्रकच्या हॉर्नचा विचार करत होती. दुसऱ्या मजल्यावरचं बाळ, रात्रपाळी करून झोपलेला समोरचा मुलगा, खुद्द मी, सगळे माझ्या नजरेसमोरून गेले. त्या क्षणी मला त्या जुन्या हॉर्नबद्दल जी माया वाटली ती पूर्वी कधी वाटली नव्हती.

“ताई,” मी म्हटलं, “नाडी न बघता कधी कोणाला गेला म्हणालीस का तू?”

हे मात्र वर्मी लागलं. ती म्हणाली, “शेठ, थांबा जरा. आधी तपासू.”

शेठकडे वायरचे दोन तुकडे होते. एकाचं टोक बॅटरीच्या प्लसवरून हॉर्नच्या पिनला, दुसऱ्याचं मायनसवरून हॉर्नच्या अंगाला. दुसरी वायर मी टेकवली, आणि हॉर्न असा काही ओरडला की माझ्या हातातून ती सुटलीच. पार्किंगमधली कबुतरं उडाली. वरून बाळाचं रडणं सुरू झालं. ताईचा चेहरा मात्र असा उजळला होता की मला त्या बाळाचंही काही वाटलं नाही.

आता कोडं झालं. वायरला करंट येतो, हॉर्न जिवंत आहे, मग गाडीत तो गप्प का? शेठ जाळीपाशी उकिडवे बसले. ताई म्हणाली, सलाइन लावलंय आणि शिरेत जात नाही, असं काहीतरी आहे. मी त्या हॉर्नकडे बघत बसले होते. आपण आत्ता त्याला दोन वायरी दिल्या, पण गाडीतून त्याला एकच येते. मग दुसरी कुठे आहे? मी शेठना तसं विचारलं.

“दुसरी नसतेच,” ते म्हणाले. “हॉर्न पत्तीवर कसतान. पत्ती गारीच्या पत्र्याला. करंट त्यातूनच मागं जातंय.”

मी टेस्टरचा चिमटा बॅटरीवरून काढला आणि हॉर्नच्या पत्तीला लावला. दांडी पुन्हा त्याच वायरला. “दाब,” मी म्हटलं. ताईने दाबलं. दिवा पेटला नाही. चिमटा परत बॅटरीला लावला, पेटला. पत्तीला लावला, नाही. करंट हॉर्नपर्यंत येत होता, पण त्याला परत जायला वाटच नव्हती. पत्तीचा बोल्ट बघितला तर गंजाने फुगून काळा-तांबडा झालेला, वर चिखलाचा थर. खाडीकडची हवा आमच्या खिडक्यांचे गज खाते, तिला हा बोल्ट काय जड. सकाळच्या दमट हवेत तो घोगरा का व्हायचा आणि दुपारी का सुधारायचा, तेही कळलं.

बोल्ट निघता निघेना. ताईने त्याला खोबरेल तेल पाजलं, थोडा वेळ थांबलो, मग शेठनी पाना लावून असा जोर मारला की तो कुरकुरत सुटला. घरातून पॉलिश पेपर आणला. मी पत्ती घासली, ताईने पत्रा घासला. तिने तो इतका घासला की शेठना सांगावं लागलं, पत्रा संपेल. मग बोल्ट घट्ट कसून, वायर परत हॉर्नला जोडून ताईने वरून व्हॅसलिनचा हात फिरवला आणि जखमेवर पट्टी केल्यासारखी समाधानाने उभी राहिली.

“आता बस आणि दाब,” मी म्हटलं.

ती आत बसली, पण लगेच दाबेना. आधी मोजे काढले, चष्मा पुसला. मग अगदी हलकेच दाबलं. घोगरेपणा गेला होता, आवाज स्वच्छ, खणखणीत. दुसऱ्या वेळी तिने जरा जास्त वेळ दाबलं. तिसऱ्या वेळी बाल्कनीत सेक्रेटरी आले. त्यांचा पडलेला चेहरा बघून ताईने त्यांना हात केला.

संध्याकाळी आम्ही सारसोळ्याच्या जेट्टीपर्यंत चक्कर मारून आलो. जाताना प्रत्येक वळणावर हॉर्न, येताना प्रत्येक वळणावर हॉर्न. मी ‘हळू गं’ म्हणायचं सोडून दिलं होतं. एक मात्र झालं. आमच्या गेटाशी आल्यावर तिने दुसऱ्या मजल्याकडे बघितलं, हॉर्नवरचा हात उचलला, आणि वॉचमनला नुसते लाइट दाखवले. मी काही बोलले नाही. बोलले असते तर तिने मुद्दाम वाजवला असता.

दुरुस्तीची गोष्ट ती सगळ्यांना सांगते. पहिल्या आठवड्यात ‘आम्ही शोधून काढलं’ असं होतं, मग ‘मला संशय आलाच होता’ झालं, आणि आता त्या गोष्टीत मी फक्त व्हिडिओ लावून देते. शेठ माझ्याकडे बघून मिशीत हसतात, पण तेही तिला काही बोलत नाहीत. उलट त्यांच्या गाडीचा मागचा दिवा गेला तेव्हा ते आधी ताईकडेच आले. ताईने आता स्वतःचा टेस्टर घेतला आहे. तिने त्यांना कधीपासून, एकदम गेला की हळूहळू, धुतल्यावर काही फरक पडला का, असं सगळं विचारलं आणि मला चिमटा धरायला खाली नेलं.

नुसता बल्ब उडाला होता. इतका साधा आजार निघाल्याचं तिला वाईट वाटलं. नवीन बल्ब बसवण्याआधी तिने आतली खाच तरीही पॉलिश पेपरने घासून घेतली.