गिरणीला लावलेलं तुणतुणं

“मामा, एकटेच वाजवा ना,” दिग्दर्शक सायली अकराव्यांदा म्हणाली.

किसनमामांनी तुणतुण्याच्या तारेवर काडी मारली. दोनदा वाजवलं आणि थांबले. “पुढं कुनी म्हनायलाच न्हाई, तर मी कुनामागं वाजवू?”

झरी गावात एका पत्र्याच्या शेडमध्ये आमचं शूटिंग चालू होतं. मी साउंड रेकॉर्डिस्ट. फिल्म प्रायोगिक, सात मिनिटांची: निवेदन नाही, चेहरा नाही, पडद्यावर फक्त तुणतुण्याची एकुलती एक तार. संध्याकाळी सहाच्या आत ती फेस्टिव्हलला पोचली नाही, तर सायलीची वर्षभराची मेहनत वाया.

मामा चाळीस वर्षं झीलकरी. देवीच्या गोंधळात मुख्य गाणारा ओळ म्हणतो, झीलकरी मागून ती उचलतो. तारही गाणाऱ्याच्या गळ्याच्या सुरालाच लावतो. मामांचे गाणारे मेहुणे त्या दिवशी पेडगावला गोंधळात अडकलेले. मी मोबाइलवर सूर लावून दिला.

मामांनी ऐकला. “ह्यो दमच घेईना, मॅडम. मढ्यामागं झील धरू का?”

तेवढ्यात लाइट आली आणि शेजारची पिठाची गिरणी घरघरू लागली. सगळं रेकॉर्डिंग गेलं! मी बाहेर धावले. “दादा, बंद करा!”

“सकाळपसून लाइट न्हवती, बाया डबे घिऊन बसल्यात,” गिरणीवाला ओरडला. “तुमचं तुणतुणं ऱ्हाऊ द्या बाजूला!”

परत आले तर मामा खुंटी पिळत होते. कान गिरणीकडे. तार चढत चढत गेली आणि त्या घरघरीत जाऊन बसली. मी हेडफोन चढवले. दोन आवाजांचा एकच सूर! जात्यात दाणे पडले की गिरणी जड व्हायची, नेमकं तिथं मामा उचलायचे, “हां जी जी!”

“कॅमेरा!” सायली किंचाळली.

डबा भरला, गिरणी हलकी झाली. मामांनीही हात आवरला. “बघा, ही दम घेती. लय शानी गानारी हाय!”

सलग दोन डबे, सात मिनिटं, एकच टेक. पाच चाळीसला फिल्म पाठवली. निवड झाली. फेस्टिव्हलमध्ये एका परीक्षकांनी विचारलं, “मागचा सूर कोणत्या सिंथेसायझरवर केलात?”

“पाच एचपीची मोटर,” मी म्हणाले.

वीस वर्षं मी गोंगाट काढून टाकत आले. आता ‘बंद करा’ म्हणायच्या आधी वाजवणाऱ्याला विचारते.