काकांचा अबोल माहितीपट

नुसते पाहणे ही क्रिया आमच्या अकोल्याच्या घरमालक काकांना निसर्गाने दिलेलीच नाही. जुन्या शहरात भाजी घ्यायला निघाले की परक्यांची घासाघीस ऐकून परस्पर भाव ठरवून मोकळे होतात. अनोळखी माणसाची मोटारसायकल अडली, तर किक मारणारा पाय काकांचा असतो. निरीक्षकाने वस्तूला कमीत कमी धक्का लावावा, असे आम्हांला प्रयोगशाळेत शिकवतात. काकांच्या निरीक्षणानंतर वस्तू जागेवरच राहत नाही.

या गृहस्थांनी निवृत्तीनंतर माहितीपट काढला. महाविद्यालयात जन्मभर समाजवाद शिकवला, पण समाजवादी देश पाहिला नव्हता. म्हणून ते व्हिएतनामला गेले आणि तिथले रोजचे जगणे मोबाइलवर टिपून आले. तो दाखवणाऱ्या अमरावतीच्या फिल्म क्लबची अट एकच होती: निवेदन नाही, हस्तक्षेप नाही. "यायच्यानं पाच मिनिटं चूप राहवत नाही, हे काय पिच्चर काढतील!" असे काकू चारचौघांत म्हणाल्या, आणि तो काकांच्या अब्रूचा प्रश्न झाला. संकलनाची काटछाट भाडेकरू म्हणून माझ्याकडे आली.

मोबाइल कशाला तरी टेकवून काका प्रत्येक दृश्यात शिरले होते. गल्लीतल्या सरकारी भोंग्यावर बातम्या लागल्या की त्यांना मराठीतून प्रतिवाद. बागेत कवायत करणाऱ्या वृद्धांच्या रांगेला "सरळ उभे राहा ना बाप्पा!"

"काका, याला निरीक्षण म्हणत नाहीत."

"मंग काय करू, पोरी? बाईच्या सायकलवरची टोपली घसरून राहिली होती. कॅमेरा धरू का टोपली?"

मी टोपलीचे दृश्य पुन्हा लावले. ते पाहून काकाच हळू म्हणाले, "काप. मले सगळ्यातून काप."

मी शिस्तीत कापले.

अमरावतीच्या सभागृहात काका तोंडावर रुमाल धरून बसले होते. मागे कोणीतरी "किती संयत!" असे पुटपुटले. शेवटच्या दृश्यात फुटपाथवरची एक म्हातारी वाफाळता वाडगा पुढे करते आणि चौकटीबाहेरच्या कुणाकडे तरी पाहून मनापासून हसते. तेवढ्या तुकड्यात काका दिसत नव्हते, म्हणून तो मी ठेवला होता.

काकू त्यांच्याकडे झुकल्या. "अवो, कोनाले बलावून राहिली ती?"

काकांनी रुमाल काढला नाही. माहितीपट अजून संपायचा होता.