तीन वाजेपर्यंतची खिडकी

अलाबामात, जिथे कापसाची रानं पार नदीच्या बांधापर्यंत सपाट पसरली आहेत, तिथल्या तुरुंगात एव्हरेट प्रुइटने सत्तावीस वर्षं काढली. त्यातली बावीस ग्रंथालयात, एका जुन्या टाइपरायटरपुढे. सगळे त्याला वकील म्हणत. त्याने कॉलेजचं तोंड पाहिलं नव्हतं, पण इतरांचे अर्ज तोच लिहायचा.

राज्याच्या सगळ्या कोर्टांनी नाही म्हटलं, की कैद्याला एकच दार उरतं. फेडरल, म्हणजे केंद्राच्या, कोर्टात हेबियसचा अर्ज करायचा आणि सांगायचं, मला राज्यघटना मोडून डांबलंय. मुदत एक वर्षाची. कैद्याने कागद तुरुंगात दिला तोच दिवस कोर्ट धरतं. पण तो टपालखिडकीवर, तिथल्या कारकून हॅस्केलबाईंच्या वहीत सही करून दिलेला असला तरच.

एव्हरेटने स्वतःचा अर्ज बराकीतल्या साध्या पत्रपेटीत टाकला होता. कोर्टात तो अकरा दिवस उशिरा पोचला. निकाल दोन ओळींचा आला. आतलं एक पानही कुणी वाचलं नाही. त्या दिवसापासून त्याच्या आत काहीतरी बधिर झालेल्या पायासारखं पडून होतं. मुंग्यासुद्धा येत नव्हत्या.

त्या गुरुवारी जेवताना रॉस्को टेटने, ज्याचा अर्ज एव्हरेटने नुकताच टाइप करून दिला होता, मक्याच्या पावाचा तुकडा तोंडात टाकला आणि ऐटीत म्हणाला, "वकीलसाहेब, तुमचं काम मीच उरकलं. सकाळी स्वतःच्या हाताने टाकला अर्ज."

"कुठे टाकलास?"

"पेटीत. आणखी कुठे? तिकिटंही दोन जादा लावली."

एव्हरेटने घास खाली ठेवला. आजच रॉस्कोचं मुदतीचं वर्ष संपत होतं. एका साक्षीदाराने पोलिसांना सांगितलं होतं, पळणारा माणूस हा नव्हे. तो जबाब सरकारी वकिलाने दडवला, आणि रॉस्कोची सोळा वर्षं गेली. हे सगळं त्या सव्वीस पानांत होतं.

"पेटीची किल्ली तुरुंगवाल्यांकडे. आज टाकलंस याचा पुरावा काय?" एव्हरेट शांतपणे म्हणाला. "माझ्याकडे कार्बन प्रत आहे. सही कर. खिडकी तीनला बंद होते, त्याच्या आत जायचं."

"परत द्यायचा? हसतील की मला! तुमचं स्वतःचं बुडालं म्हणून तुम्हाला सगळीकडे पूर दिसतो."

"बुडालं म्हणूनच सांगतोय, गड्या."

रॉस्को ताट सारून उठला. ग्रंथालयात जाऊन त्याने फिकट निळ्या प्रतीवर सही केली. दोघे ग्रंथालयाच्या दाराशी आले, तर शिपाई क्राउडर आडवा उभा.

"ए वकील, अडीचची मोजदाद. जिथे आहात तिथे उभे राहा."

"आमचं काम तीनच्या आतलं आहे, साहेब."

"माझंही तीनलाच सुटतं. मी ओरडतोय का?"

ते उभे राहिले. दुसऱ्या बराकीत एक माणूस कमी भरला, पुन्हा मोजलं. तो संडासात सापडला. मोजदाद संपल्याचा भोंगा वाजला तेव्हा पावणेतीन होऊन गेले होते.

खिडकी दूर होती. भिंतीलगतच्या पिवळ्या रेषेवरून चालायचं, आणि पळायचं नाही. पळणाऱ्याला जमिनीवर पालथं पाडत. म्हणून ते चालले, चर्चला निघाल्यासारखे. तारेपलीकडे उन्हात कापूस फुटला होता. रॉस्कोच्या मानेवरून घामाचे ओघळ वाहत होते. एव्हरेटला घाम नव्हता, भीतीही नव्हती. तो फक्त पावलं टाकत होता.

हॅस्केलबाईंचा हात खिडकी बंद करायच्या फळीवर होता.

"वकील, तुला घड्याळ कळत नाही का रे?"

"कळतं, बाई. म्हणूनच आलो."

"पाकीट उघडं आहे ना? चिकटवलेलं घेत नाही मी."

"उघडंच आहे."

बाईंनी पानं चाळली आणि पाकीट बंद केलं. रॉस्कोने वहीत सही केली. बाईंनी तारीख लिहिली, पुढे वेळ: दोन सत्तावन्न. एव्हरेट ती उलटी दिसणारी ओळ बघत राहिला. फळी पडली तरी तो तिथेच होता.

दोन्ही पाकिटं मुदतीनंतरच कोर्टात पोचली, पेटीतलं पाच दिवसांनी. सरकारने म्हटलं, अर्ज उशिरा आला. न्यायाधीशांनी वहीचं पान मागवलं. सात महिन्यांनी हुकूम आला: अर्ज मुदतीत आहे, दडवलेल्या जबाबाबद्दल सुनावणी होईल.

रॉस्को ग्रंथालयात आला तो रडतच. "सुटका नाही, फक्त सुनावणी, ठाऊक आहे मला. पण वकीलसाहेब, तुम्हाला काहीच वाटत नाही?"

एव्हरेटने हुकूम हातात घेतला. तिसऱ्या पानावर न्यायाधीशांनी अर्जातलं एक वाक्य जसंच्या तसं उतरवलं होतं. नवव्या पानावरचं. ते त्याने एका दुपारी टाइप केलं होतं, दोनदा खोडून.

"हे वाचलंय त्यांनी," तो म्हणाला.

त्याने त्या वाक्यावरून बोट फिरवलं, मग पुन्हा एकदा, आणि बराच वेळ ते तिथेच ठेवलं.