खुर्च्या उतरवण्याचा धडा

माझी मुलगी ऐश्वर्या इंग्रजी शिकवते, पण मुलांना शब्दाचा अर्थ सांगत नाही. अर्थ करून दाखवायचा, मुलांकडून करून घ्यायचा आणि मग शब्द म्हणायचा, अशी तिची रीत आहे. 'फोल्ड' शिकवायचा असला की सगळा वर्ग सतरंजीची घडी घालत बसतो. ओतणे या अर्थाचा 'पोअर' शिकवला त्या दिवशी अर्धा वर्ग भिजून घरी गेला आणि एका आईने शाळेत येऊन विचारलं, "मॅडम, तुमी शिकवून राहिल्या का धुऊन राहिल्या?"

ही रीत तिला बँकेच्या दारात सापडली. ती सातवीत असताना वडिलांबरोबर हिंगोलीच्या बँकेत गेली होती. काचेच्या दारावर इंग्रजीत 'पुल', म्हणजे ओढा, असं लिहिलेलं होतं. तिला त्याचं स्पेलिंग पाठ होतं, अर्थ पाठ होता, परीक्षेत तो लिहून तिने गुणही मिळवले होते. तरी ती दार ढकलत राहिली. मागच्या माणसाने हात पुढे करून दार ओढलं. घरी येऊन ती मला म्हणाली, "आई, मला तो शब्द डोक्यात येत होता, हातात येत नव्हता." मी मराठी घेऊन बी. ए. झाले आहे, पण शिक्षणाबद्दल इतकं सरळ वाक्य मी कुठल्या पुस्तकात वाचलं नाही.

बी. एड. झाल्यावर तिने सरकारी भरतीची वाट पाहिली. भरती निघेना, तेव्हा पुसेगावच्या पुढे आतल्या अंगाला असलेल्या एका खेड्यातल्या खासगी शाळेत तिने नोकरी धरली. रोज स्कूटीवर जायचं आणि यायचं. तिचे वडील शेषराव एसटीच्या आगारात मेकॅनिक. सकाळी ते तिच्या स्कूटीची चाकं दाबून पाहतात आणि मी दारात उभी राहून ट्रक, कुत्री, खड्डे आणि उसाच्या ट्रॉल्या यांची नावं घेते. ती पोचली की तिचा निरोप येतो, 'पोचले. आता तू चहा घे.' तो येईपर्यंत मी खरोखरच चहा घेत नाही.

या डिसेंबरात शाळेचे अध्यक्ष अमृतराव यांनी तिला बोलावून घेतलं. अमृतराव वाईट माणूस नाही. स्वतःच्या जागेवर त्यांनी शाळा काढली, आणि पालकांची कुरकुर त्यांच्याच ओसरीवर येऊन पडते. ते म्हणाले, "मॅडम, लोक म्हनून राहिले, की पोरगं घरी येऊन एक वाक्य इंग्रजी बोलत न्हाई. पलीकडच्या गावच्या शाळेतलं पोरगं माइक धरून धडाधड बोलतं. सव्वीस जानेवारीला गावापुढं काय ते दाखवा. पालक बराबर खूश झाले तर ठीक. न्हाई तर जूनपासून आमी नांदेडचा मास्तर आनतो."

तिने घरी येऊन हे सांगितलं. खासगी शाळेतून काढलेल्या शिक्षिकेला दुसरी शाळा कशी बघते, हे मला माहीत आहे. मी म्हटलं, "ऐशू, चार भाषणं पाठ करून घे. 'रिस्पेक्टेड गेस्ट्स' म्हणून सुरुवात, 'थँक यू' म्हणून शेवट. सगळे तेच करतात."

"आई, पाठ केलेलं इंग्रजी म्हणजे दुसऱ्याचा कोट घालून काढलेला फोटो."

"नोकरी टिकली की स्वतःचा कोट शिव ना."

ती हसली आणि विषय तिथेच ठेवून उठली. ती हसून उठते तेव्हा तिचं ठरलेलं असतं. मग मी एकटीच बोलत बसते.

जानेवारीत एका संध्याकाळी मी भाकरी करत होते. ती पाटावर बसून भाकरीची चवड एका ताटातून दुसऱ्या ताटात लावत होती. वरची उचलायची, मग तिच्याखालची. मला वाटलं, पोरगी चिंतेने अशी करते आहे. म्हटलं, "काय चाललंय?"

"अनस्टॅक."

"म्हणजे?"

"एकावर एक रचलेलं वरून एकेक करत उतरवणं. आई, याला आपल्याकडे काय म्हणतात?"

माझं मराठी बऱ्याच वर्षांनी कामाला आलं. मी म्हटलं, "कशाबद्दल विचारतेस त्यावर आहे. मडक्यांची उतरंड उतरवतात. पोत्यांची थप्पीही उतरवतात. गंजी मोडतात. चवडीतलं काढून घेतात. आणि ढीग असला तर उपसतात."

"ढीग नाही चालत," ती लगेच म्हणाली. "ढिगाला अनस्टॅक नाही म्हणत. ज्वारीची रास अनस्टॅक होत नाही. आधी कुणीतरी नीट रचलेलं पाहिजे. ताटं, विटा, खुर्च्या, पोती. पाडलं तर तेही अनस्टॅक नाही. रचणाऱ्याने जसं रचलं तसंच उलट्या बाजूने यायचं." मग म्हणाली, "आता हा शब्द काँप्युटरवालेही घेतात, एकाखाली एक दडलेलं वेगळं करायला. पण माझ्या मुलांना आधी हाताने कळू दे. शाळेच्या मागे तुरीच्या पेंढ्यांची रचलेली गंजी आहे. उद्या मळणीयंत्र येणार आहे."

"गंजीपाशी लेकरं नेणार? काही निघालं म्हणजे?"

"आजी आहेत तिथे," ती म्हणाली.

या आजी म्हणजे पंचफुलाबाई. गंजी त्यांचीच. त्यांची नात पुनम ऐश्वर्याच्या वर्गात, पाचवीत. पुनम सगळं करते पण बोलत नाही. हजेरीलाही हात वर करते. दुसऱ्या दिवशी काय झालं ते ऐश्वर्याने मला जेवताना साभिनय सांगितलं.

वर्ग येताना पाहून पंचफुलाबाईंनी विचारलं, "मास्तरीण बाई, लेकरायला घेऊन कुठं निघाल्या?"

"गंजी मोडायला आलो, आजी. इंग्रजीत."

"इंग्रजीत मोडली तर तूर जास्त निघती का?"

मुलं पुढे धावली. म्हातारी ओरडली, "हात न्हाई लावायचा! मागं व्हा!" तिने काठी घेतली आणि गंजीला चारी बाजूंनी सणसणीत तडाखे दिले. मग काठी टेकवून स्वस्थ उभी राहिली. ऐश्वर्याने विचारलं, "आता?"

"आता थांबायचं. थंडीचं लांबडं ऊब धरून बसतं आत. त्येला जायला टाइम द्यावा लागतो."

एक मुलगा म्हणाला, "साप?"

"नाव काहून घेतलं रे त्येचं? लांबडं म्हनावं."

काही निघालं नाही. मग सगळ्यांनी वरच्या पेंढ्या एकेक करून उतरवल्या आणि प्रत्येक पेंढीला 'अनस्टॅक' म्हटलं. कुणी मधलीच ओढली की म्हातारी त्याच्या पाठीत हलकेच काठी टोचायची, "मधून वढली तर सगळी अंगावर येती, बाबा." मळणीवाल्याने सांगितलं की असे गडी रोज मिळाले तर तो डिझेलचे पैसे घेणार नाही. ऐश्वर्या खूश होती. तिच्या मते शब्द पक्का बसला होता.

सव्वीस जानेवारीला मी मुद्दाम गेले. स्कूटीवर तिच्या मागे बसून सगळा रस्ता 'हळू, हळू' म्हणत गेले. झेंडावंदन झालं, पालक मैदानात सतरंजीवर बसले, गावचे पुढारी पुढच्या रांगेत. एका बाजूला बाया, त्यांत मी. पंचफुलाबाई माझ्या शेजारीच, डोक्यावर पदर घट्ट ओढून. व्यासपीठाशेजारी पाहुण्यांसाठी आणलेल्या प्लॅस्टिकच्या खुर्च्यांची थप्पी उभी होती.

ऐश्वर्याने माइक घेतला आणि म्हणाली की मुलांनी काहीही पाठ केलेलं नाही. पालकांनी मराठीत काम सांगावं, ती ते इंग्रजीत सांगेल, मुलं करतील. मला वाटलं, जमीन दुभंगावी. शब्द सुचले नाहीत तर? पोरं घाबरली तर?

पण पालकांना हा खेळ आवडला. एकाने छत्री उघडायला सांगितली, एकाने बाटली भरायला. एक आगाऊ बाप म्हणाला, "माज्या पोराला शेंबूड पुसाया लावा इंग्रजीत." ऐश्वर्याने न हसता इंग्रजीत सांगितलं आणि त्या मुलाने खिशातून रुमाल काढून नाक पुसलं. सगळं मैदान हसलं.

मग अमृतराव स्वतः उठले. थप्पीकडे बोट करून म्हणाले, "त्या खुर्च्या उतरवाया सांगा."

ऐश्वर्या म्हणाली, "पुनम, अनस्टॅक द चेअर्स."

पुनम पुढे आली. खुर्च्यांजवळ गेली, त्यांच्याकडे नीट पाहिलं आणि वळून पळत पालकांत शिरली. एका म्हाताऱ्याच्या हातातली काठी तिने काढून घेतली, परत आली आणि खुर्च्यांच्या थप्पीवर चारी बाजूंनी धाडधाड तडाखे ओढले. मग काठी टेकवून, तोंड मिटून, स्वस्थ उभी राहिली.

मग हसण्याचा लोंढा आला.

"अगं, खुर्च्यायनं काय केलं तुझं?"

"मॅडमनं फोडाया शिकवल्या जनू!"

"नवीनच आनल्यात, तुटल्या का बघा आधी!"

पुनम हलली नाही. तिच्या कानाच्या पाळ्या लाल झालेल्या मला लांबून दिसत होत्या. अमृतरावांनी माइककडे हात केला, "मॅडम, हे कोनतं इंग्रजी?"

जूनचा महिना मला समोर दिसायला लागला. मनात म्हटलं, आता मराठीत समजावून सांग बाई, माफी माग, काहीतरी कर. पण माझ्या मुलीने माइक अमृतरावांना दिला नाही. ती पुनमजवळ गेली, तिच्याएवढी खाली बसली, माइक दोघींच्या मध्ये धरला आणि इंग्रजीतच विचारलं, "व्हाय, पुनम?"

पुनमने एकदा खुर्च्यांकडे पाहिलं. मग त्या मुलीने, हजेरीलासुद्धा तोंड न उघडणाऱ्या मुलीने, अडखळत पण मोठ्याने सांगितलं, "लाँग वन, मॅडम. लाँग वन इनसाइड. फर्स्ट लाँग वन गो. देन अनस्टॅक."

पंचफुलाबाईंनी माझा दंड धरला. "काय म्हनली ओ माझी पोरगी?"

मी म्हटलं, "आत लांबडं असेल म्हणाली. आधी लांबडं जाऊ दे, मग उतरवते."

म्हातारी ताडकन उठली. "मीच सांगितलं तिला! गंजीला हात लावायच्या आधी काठी मारावी लागती! काय चुकलं तिचं? आँ? हसता कशाला रे मुडद्यांनो, तुमच्या खुर्च्यात काय बसतं ते ठावं हाय आमाला!"

यावर जे हसू आलं ते वेगळं होतं. पुढाऱ्यांच्या रांगेतलेही हसले. पण कुणीतरी मागून म्हणालं, "अरे, पोरगी बोलली की!" आणि ते वाक्य एका रांगेतून दुसऱ्या रांगेत गेलं. पुनमचा बाप उभा राहून नुसताच इकडेतिकडे बघत होता, जणू आवाज कुठून आला ते त्याला शोधायचं होतं.

ऐश्वर्याने पुनमला सांगितलं, "नो लाँग वन. गो." तेव्हा पुनमने काठी नेऊन दिली आणि खुर्च्या वरून एकेक करत उतरवल्या. थप्पी तिच्यापेक्षा उंच होती, म्हणून वरच्या खुर्च्यांना ती पायाच्या चवड्यांवर उभी राहिली. कुणी मदतीला उठलं तर ऐश्वर्याने हातानेच बसायला सांगितलं.

कार्यक्रमानंतर अमृतराव आमच्याजवळ आले. मी पदर सावरून उभी राहिले. ते ऐश्वर्याला म्हणाले, "मॅडम, खरं सांगा. ते बसवलेलं होतं का?"

"सर, असलं कोण बसवून घेईल?"

"तेबी बराबर हाय." ते थोडे हसले. "जूनचं ऱ्हाऊ द्या आता. नांदेडच्या मास्तरला न्हाई म्हनून कळवतो. पन मॅडम, माझं एक ऐका. पाहुणे येतात, एक तरी भाषन होऊ द्या."

मी ऐश्वर्याच्या पाठीला बोटाने टोचलं. हो म्हण, एवढंच माझं म्हणणं होतं. ती म्हणाली, "होईल सर. पण जी मुलगी बोलेल तीच ते लिहील. चुका राहतील. मी फक्त ऐकेन."

अमृतरावांनी मान हलवली. होकार होता की नाइलाज, ते मला कळलं नाही. दुसरे कुणीतरी हाका मारत होते म्हणून ते गेले.

परतताना ऐश्वर्या गाडी सावकाश चालवत होती. मला वाटलं, दमली. पण पुसेगाव मागे पडल्यावर म्हणाली, "आई, चूक माझी होती. शब्द मी एकाच ठिकाणी शिकवला. तिने तो गंजीसकट उचलला. उद्या आपल्या घरची ताटं नेऊन त्यांवर घेते, मग विटांवर. म्हणजे काठी कुठे लागते आणि कुठे नाही, ते तिचं तिला कळेल."

गाव पुनमच्या बोलण्यावर खूश होतं आणि माझी मुलगी उद्याच्या तासाचा विचार करत होती. मी तिच्या मागे बसले होते, त्यामुळे माझा चेहरा तिला दिसला नाही, हे बरं झालं. तिने गाडीचा वेग वाढवला. मी त्या दिवशी पहिल्यांदाच 'हळू' म्हटलं नाही.