उखळाची जागा

भोये सर गेल्याची बातमी मला जव्हारच्या एसटी स्टँडवर कळली. हातातला चहा तसाच निवला. मोखाड्याच्या शाळेत आम्ही शेजारी बसायचो. मी गणिताचा, ते इतिहासाचे. महिना होऊन गेला, तरी शिक्षकांच्या खोलीतल्या त्यांच्या खुर्चीवर बसायला कुणाचं मन होत नाही. मला तर त्यांची फार आठवण येते.

सरांना वेड होतं कनान देशातल्या प्राचीन इस्राएली लोकांचं. रद्दीवाल्याकडे मिळालेलं उत्खननावरचं एक जाड पुस्तक त्यांनी पानं सुटेपर्यंत वाचलं. मी चिडवायचो, "सर, पगार मोखाड्याचा आणि मुक्काम कनानच्या डोंगरात?" ते म्हणायचे, "अहो, तेही आपल्यासारखेच. लहान लहान पाडे, धान्याचे मोठाले रांजण, राजवाडा नाहीच. इजिप्तच्या राजाने दगडावर कोरून ठेवलं की यांचा निर्वंश केला... आणि त्यांचं सगळ्यांत जुनं नाव सापडलं ते त्याच दगडावर." हे सांगताना स्वारी भलती खूश असे. मुलांनी शेतात सापडलेलं खापर आणलं की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला, "जागा कुठली?" ती सांगता आली नाही, तर खापर परत.

त्यांचा जन्म सूर्यमाळजवळच्या एका पाड्यावरचा. पाण्याच्या टंचाईपायी तो पाडा उठला. लोकांनी घरांचे खांब-वासेही उपसून नेले. आई त्याआधीच गेलेली, तिचा फोटोसुद्धा नाही. तिचं काहीतरी सापडावं, एवढीच सरांची आस. एका उन्हाळ्यात आम्ही दोघे तिथे गेलो. दारातल्या मोहाच्या झाडावरून त्यांनी घराची जागा ओळखली. पाचोळा बाजूला केला तर खांबांचे खड्डे दिसले, आणि जमिनीत पुरलेलं दगडी उखळ. सरांनी आत हात घातला. कांडून कांडून तळ गुळगुळीत झाला होता. ते तसेच बसून राहिले.

सासूबाईंचं उखळ घरी आणा, असा वहिनींचा हट्ट. सर ऐकेनात. "जागेवरून हललं की मुकं होतं ते," म्हणायचे. त्यावरून घरात अबोलाही झाला.

गेल्या आठवड्यात वहिनींनीच जीप ठरवली, पहार घेतली आणि मला सोबत नेलं. उखळ आता त्यांना अंगणात हवं होतं. त्यांनी पदराने आतली माती पुसली. तळावरून बराच वेळ बोटं फिरवली. मी पहार उचलली, तशी त्यांनी मान हलवली.

"राहू द्या, भाऊ. घरी नेलं तं हे इचारतील, जागा कुठली?"