दगूबाईंनी पाहिलेला जाय

रनाळ्यात मिरची बाजाराला निघाली की पोती शिवण्याआधी एक प्रश्न हमखास विचारला जातो. दगू नानींनी पाहिली का? दगूबाई मग ढिगाजवळ येऊन उकिडव्या बसतात. हात लावत नाहीत, नुसत्या पाहतात आणि थोड्या वेळाने बोट करतात. त्या बोटाच्या रोखाने मिरच्या बाजूला सारल्या की खाली एक फटकी सापडते. फटकी म्हणजे वाळताना रंग उडून पांढरी पडलेली मिरची. ढिगात अशा किती असतील हे दगूबाई वरूनच सांगतात, आणि मग त्या मिरच्या निवडल्याशिवाय पोतं शिवायची कोणाची छाती होत नाही.

दगूबाईंचं वय आता त्रेसष्ट. माहेर अक्कलकुव्याजवळचं. एकोणिसाव्या वर्षी नवनीतभाऊंशी लग्न होऊन त्या रनाळ्यात आल्या. सात वर्षांपूर्वी नवनीतभाऊ गेले, तेव्हापासून शेताचं आणि खळ्याचं सगळं त्याच पाहतात. मुलगा भूपेंद्र रोज नंदुरबारला नोकरीला जातो. सून चारुलता अंगणवाडी सांभाळते.

त्यांच्या बोलण्याची एक ठरलेली रीत आहे. 'मी दखं', म्हणजे मी पाहिलं, किंवा 'मी नही दखं'. या दोहोंच्या मधलं 'माले वाटस', म्हणजे मला वाटतं, त्यांच्या तोंडून कधी कोणी ऐकलेलं नाही. एकदा कोणाच्या तरी मोटारसायकलने शेजारच्या ओट्याची कड फोडली. दोन घरांत जुंपली. दगूबाई मध्ये येऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "मन्हा भूपेंद्र व्हता. मी दखं." भांडण तिथेच मिटलं. भूपेंद्र आठ दिवस आईशी बोलला नाही, पण त्यानंतर गावातल्या कुठल्याही तंट्यात 'नानी काय म्हणते' हा शेवटचा शब्द झाला.

चारुलता या घरात आली त्या वेळची एक गोष्ट दगूबाई प्रत्येक पाहुण्याला सांगतात. चारुलता सुरतेत वाढलेली, शाळा गुजरातीतून झालेली. लग्नाच्या दुसऱ्या दिवशी दगूबाईंनी अंगणातून विचारलं, "चारू, चुल्हामा जाय शे का?" जाळ आहे का, एवढंच विचारायचं होतं. खानदेशात 'ळ' तोंडात टिकत नाही, त्याचा 'य' होतो. डोळ्याचा डोया, आभाळाचं आभाय, तसा जाळाचा जाय. गुजरातीत मात्र 'जाय' म्हणजे जातो. नवी नवरी चुलीजवळ गेली, वाकून आत पाहिलं आणि बाहेर येऊन अदबीने म्हणाली, "नाही आई, चुलीत कोणी जात नाही." हसून हसून नवनीतभाऊंना ठसका लागला होता. चारुलतेला या गोष्टीचा इतका कंटाळा आला होता, की पाहुण्यांसमोर सासूबाईंनी 'चुल्हामा' म्हटलं की ती चहा ठेवायला उठून जायची.

गेल्या वर्षीच्या डिसेंबरातली गोष्ट. पहाटेचे पावणेसहा झाले होते. दवाने भिजू नयेत म्हणून मिरच्यांवर रात्री ताडपत्री टाकलेली असते. ती काढायला दगूबाई खळ्यावर आल्या होत्या. पहिली घडी घालायला घेतली आणि उत्तरेकडे, तापीपलीकडच्या डोंगरांच्या रेषेवर, पाण्याच्या टाकीच्या डाव्या अंगाला त्यांना उजेड दिसला. तिथे गाव नाही, रस्ता नाही. ओल्या लाकडाने हळूहळू पेट घ्यावा तसा तो खालून वर पसरला. आवाज नाही, धूर नाही. दगूबाई ताडपत्री हातात घेऊन पाहत राहिल्या, पण घड्या घालायचं थांबल्या नाहीत. तिसरी घडी होईपर्यंत तो होता, मग विझला. आणि मग पायाखालून बैलगाडी गेल्यासारखी जमीन हादरली. घरात फळीवरचं एक ताट खाली पडून फिरत राहिलं. सगळं गाव पांघरुणासकट रस्त्यावर आलं. नुकसान कोणाचंच झालं नाही, त्यामुळे थोड्या वेळाने सगळे हसायला लागले.

"आभायमा जाय व्हता," दगूबाईंनी जमलेल्यांना सांगितलं. "मंग भुई हालनी."

दहाएक दिवसांनी भूकंपाच्या नोंदी घेणारं एक पथक ग्रामपंचायतीत आलं. पथकातली ममता नावाची मुलगी सांगलीकडची. गोड बोलणारी, छापील कागदावर पटापट लिहिणारी. दगूबाईंनी तिला तेच सांगितलं, "आभायमा जाय व्हता." तिने लिहिलं आणि आपल्या मराठीत वाचून दाखवलं. काहीसं 'आकाशातून जात असल्याचे' असं दगूबाईंच्या कानावर आलं. पुस्तकी मराठी असेच वळसे घेऊन बोलते असं समजून त्यांनी खाली सही केली.

महिनाभराने तो अहवाल पंचायतीच्या फळ्यावर लागला. दगूबाईंचे दीर मगनभाऊ शेजारच्याच घरात राहतात. भावजयीची थट्टा हा आपला हक्क आहे असं ते मानतात. त्यांनी अहवाल चौकात उभं राहून वाचला. 'साक्षीदार क्रमांक चार, श्रीमती दगूबाई, रनाळे. आकाशातून काहीतरी जात होते. विमान असावे. नोंद वगळली.'

"वहिनी," मगनभाऊ संध्याकाळी ओट्यावर बसत म्हणाले, "विमान कोनतं व्हतं? सुरतनं का मुंबईनं?"

"मी विमान नही दखं."

"सही तर तुम्हनीच शे खाले."

चार दिवस गाव हसलं आणि दगूबाईसुद्धा हसल्या. पाचव्या दिवशी भावेशच्या खळ्यावर त्यांनी ढिगात बोट दाखवलं, तेव्हा तो पुतण्यासारखा पोरगा सहज बोलून गेला, "नानी, जराखा चष्मा लाईसन दखा ना." आणि त्याने फोनवर मिरचीचा फोटो काढून नंदुरबारला दुसऱ्या कोणाला तरी पाठवला. दगूबाई ढिगाजवळून उठल्या. घरी येऊन त्यांनी हात धुतले आणि जेवण झाल्यावर म्हणाल्या, "मी जे दखं नही, त्यानाखाले मन्ही सही शे."

चारुलतेला तोवर ही थट्टाच वाटत होती. सासूबाईंचा चेहरा पाहून तिने पंचायतीतून त्या नोंदीचा फोटो काढून आणला. पानाच्या तळाशी बारीक अक्षरात ममताने साक्षीदाराचे मूळ शब्दही लिहिले होते. 'आभायमा जाय व्हता.' आणि पुढे कंसात अर्थ, 'आभाळात जात होता.'

चारुलतेने ते दोनदा वाचलं. मग ती खाली बसली आणि पदरात तोंड खुपसून इतकी हसली की दगूबाई घाबरल्या.

"काय व्हयनं वं?"

"आई," तिला बोलता येईना, "चुलीत कोणी जात नाही."

दगूबाईंना कळायला एक क्षण लागला. मग त्या घरात बऱ्याच दिवसांनी दोघी एकाच गोष्टीवर हसल्या.

नोंदीवर फोन नंबर होता. भूपेंद्र म्हणाला, फोन करून टाकू. दगूबाईंना ते पटलं नाही. "फोनवरनं बोलनं वारावर जास. कागदवर चुकनं ते कागदवरच दुरुस्त व्हवाले पाहिजे." पथकाचा मुक्काम त्या आठवड्यात धडगावला होता. दोघी सकाळच्या बसने शहाद्याला गेल्या आणि तिथून जीपमध्ये बसल्या. जीपमध्ये दहांच्या जागी सतरा माणसं आणि एक कोंबडा होता. घाटातल्या प्रत्येक वळणावर तो दगूबाईंच्या मांडीवर येत होता. चारुलतेच्या हातात वाळत्या मिरच्यांची पिशवी होती. कोणाकडे जायचं तर रिकाम्या हाताने जायचं नाही.

पथक एका सरकारी इमारतीच्या व्हरांड्यात बसलं होतं. ममतासमोर वाहरू नावाचे डोंगरातले एक शेतकरी बसले होते. शेजारी चहावाल्याचा स्टोव्ह फरफरत होता.

"ताई, तुम्ही रनाळ्याच्या ना?" ममताने ओळखलं. "विमानवाल्या."

चारुलता बोलणार होती. दगूबाईंनी तिला हाताने थांबवलं आणि स्टोव्हकडे बोट केलं.

"हाऊ काय शे?"

"स्टोव्ह."

"त्यानामा?"

"चहा."

"चहाना खाले, बाई."

"जाळ," ममता म्हणाली.

"आम्हनाकडे त्याले जाय म्हनतस," दगूबाई शांतपणे म्हणाल्या. "जास ते विमान. जाय चुल्हाना ऱ्हास."

ममताने आपली फाइल उघडली, ती ओळ काढली आणि ओठ हलवत वाचली. तिच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. "म्हणजे आभाळात जाळ होता," ती म्हणाली. "आणि मी तुम्हाला विमानात बसवलं."

"गावनी तिकीटबी फाडं."

ममता हसली, पण लगेच नकाशा ओढून पुढे सरकली. वाहरूंनी आणि डोंगरातल्या आणखी सहा जणांनी त्या पहाटे आग पाहिल्याचं सांगितलं होतं. सगळ्यांनी पाहिलं ते एकाच बाजूने, त्यामुळे उजेडाची जागा नकाशावर पक्की होत नव्हती. दक्षिणेकडून, सपाटीवरून पाहणारा एकही माणूस तिच्याकडे नव्हता. एक होता, आणि तोच तिने वगळला होता. तिने दगूबाईंना दिशा विचारली. दगूबाईंनी खळं, पाण्याची टाकी आणि टाकीचा डावा खांब सांगितला. वेळ विचारली, तर ताडपत्रीच्या तीन घड्या सांगितल्या. ममताने त्यांच्याकडून एका चादरीच्या तशाच घड्या घालून घेतल्या आणि घड्याळ लावलं. बावीस सेकंद झाले.

"रंग?"

"लाल नही, धवया नही." लाल नाही, पांढराही नाही. दगूबाईंनी पिशवीत हात घालून एक मिरची काढली, ठेवून दिली, दुसरी काढली. तिसरी देठाकडून उजेडात धरली. "चौथा दिनना. हाऊ, देठजोडे."

चार दिवस वाळल्यावरही देठाजवळ मिरची जिथे अजून पुरती लाल झालेली नसते, तिथला तो तांबूस पिवळा रंग वाहरूंनी वाकून पाहिला आणि मान डोलावली. त्यांनी सांगितलेला रंग ममताच्या छापील रंगपट्टीत कुठेच बसला नव्हता. तिने ती मिरची प्लास्टिकच्या पिशवीत घालून नोंदीला टाचली.

"असे उजेड पूर्वीही लोकांनी पाहिलेत," ती म्हणाली. "पण ते का दिसतात हे अजून नक्की कोणी सांगू शकत नाही. दगडांवर ताण येऊन वीज तयार होते असं काही जण म्हणतात. काही म्हणतात, विजेच्या तारा एकमेकींना लागतात. तुम्हाला काय वाटतं, ताई?"

चारुलतेने सासूबाईंकडे पाहिलं.

"माले काही वाटत नही," दगूबाई म्हणाल्या. "मी दखं, ते सांगं. बाकी तुम्ही शोधा."

सुधारलेली नोंद ममताने सावकाश वाचून दाखवली. दगूबाईंनी तिला 'जाळ' हा शब्द दोनदा वाचायला लावला आणि मगच सही केली. उरलेली मिरची पथकाला देऊन दोघी जीपकडे निघाल्या. व्हरांड्याच्या पायऱ्या उतरताना चारुलता म्हणाली, "आई, आता ती चुलीची गोष्ट पाहुण्यांना सांगायची नाही."

"आते तर जास्त सांगसू," दगूबाई म्हणाल्या.

पुढच्या आठवड्यात फळ्यावर नवा कागद लागला. 'साक्षीदार क्रमांक चार, श्रीमती दगूबाई, रनाळे. आकाशात जाळ दिसला. नोंद ग्राह्य.' या वेळी मगनभाऊंनी तो चौकात वाचला नाही. सकाळी ते मिरचीचं एक टोपलं घेऊन भावजयीच्या ओट्यासमोर उभे राहिले. मागे भावेश, त्याच्या डोक्यावरही टोपलं.

"वहिनी, जराखं दखा ना. उद्या बाजारले धाडनी शे."

दगूबाईंनी हातातली चहाची बशी खाली ठेवली, आभाळाकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "थांबा, मगनभाऊ. सुरतनं विमान जाऊ द्या पहिले."

दोघंही थांबले. भावेशने टोपलंसुद्धा डोक्यावरून उतरवलं नाही. चारुलता आतून हसू दाबत चहा घेऊन आली. दगूबाईंनी आपला चहा संपवला, उठून पदर खोचला, टोपल्यापाशी उकिडव्या बसल्या आणि काही वेळाने भावेशच्या टोपल्यात, तळाशी, डाव्या बाजूला बोट केलं.