कॅमेऱ्यामागून बापाची वाक्यं

सध्या त्याचा चेहरा लंडनच्या ट्यूब स्टेशनवर, सिनेमाच्या पोस्टरवर आहे. खाली त्याचं नाव दोनदा: एकदा नट म्हणून, एकदा पटकथाकार म्हणून. मी मान खाली घालून पुढे जाते.

लंडनच्या हॅरो भागातल्या एका घरात आम्ही दोघं भाडेकरू होतो. मी पुण्याची सॉफ्टवेअर टेस्टर, वरच्या खोलीत हा फ्रेंच नट. मायदेशी त्याने नाटकं गाजवली होती म्हणे. इथे चार वर्षांत वाट्याला आले ते तीन वेटर, एक खुनी आणि चीजच्या जाहिरातीतला एक मिशाळ. दर वेळी दिग्दर्शक त्याला सांगायचे, उच्चार अजून थोडा फ्रेंच कर. मग तो चिडून घरी यायचा आणि माझे पोहे फस्त करायचा.

हल्ली ऑडिशन घरीच मोबाइलवर रेकॉर्ड करून पाठवतात. समोरच्या पात्राची वाक्यं कुणीतरी कॅमेऱ्यामागून वाचावी लागतात. ते काम माझं. त्याची बायको, वकील, पोलीस, सगळं मीच झाले.

"तू फार सपाट वाचतेस," तो म्हणायचा.

"फुकट वाचतेय," मी म्हणायचे. मला तो आवडायचा, हे इथेच सांगून टाकते.

त्या मार्चमध्ये पुण्यात बाबा आजारी पडले. माझा व्हिसा वाढवायचा अर्ज तेव्हा अडकलेला. निकालाआधी देश सोडला की अर्ज रद्द, म्हणजे नोकरीही गेली. बाबा फोनवर म्हणाले, "व्हिसा हातात आला की ये. मी कुठे पळून चाललोय?" मी थांबले. नवव्या दिवशी ते गेले. पुण्याला घरी मी सांगितलं की तिकीट मिळालं नाही. खरं फक्त त्याला सांगितलं, स्वयंपाकघरात फरशीवर बसून. तो नुसता शेजारी बसून राहिला.

वर्षभराने तो कागद नाचवत आला. त्याने स्वतः पटकथा लिहिली होती. निर्माता मिळाला होता, पण मुख्य भूमिका त्यालाच द्यायची का, हे ऑडिशनची टेप बघून ठरणार होतं.

"बापाची वाक्यं तू वाच," तो म्हणाला.

लंडनमध्ये व्हिसापायी अडकलेला मुलगा, फ्रान्समध्ये आजारी बाप. तिसऱ्याच ओळीत बाप म्हणतो, सावकाश ये, मी कुठे पळून चाललोय? मी मान वर केली. त्याचे डोळे भरून आले होते, आणि इतकं चांगलं काम त्याने आयुष्यात केलं नव्हतं. मी तिथेच कागद त्याच्या तोंडावर फेकायला हवे होते. पण पुढे काय होतं ते मला बघायचं होतं.

पुढच्या पानावर मुलगा अर्जावर पाणी सोडतो, विमान पकडतो आणि वेळेवर पोचतो. बाप डोळे उघडतो. त्याला एकच छोटं वाक्य होतं. मी इंग्रजी वाचायला तोंड उघडलं आणि बाहेर आलं ते बाबांचं, "आलीस का गं, बाळा?"

त्याने रेकॉर्डिंग थांबवलं. "काय म्हणालीस कळलं नाही, पण फार सुंदर होतं. आता तसंच इंग्रजीत म्हण."

मी तीनदा म्हणून पाहिलं. बाबांचा आवाज पुन्हा आला नाही.